मानाच्या वाळूची गाडी

मी एक पिकअप गाडी. बोलतेय ती तहसील कचेरीच्या मागच्या आवारातून. इथं धरून आणलेल्या गाड्या इतक्या, की बाभळीच्या सावलीलाही नंबर लावावा लागतो. शेजारी एक डंपर आहे, वाळूचोरीत अट्टल. त्याचा मालक बडा, त्यामुळे तो पाहुण्यासारखा येतो आणि जातो. मी मात्र इथंच रुतलेय.

कारखान्यातला जन्म मला फारसा आठवत नाही. खरं आयुष्य सुरू झालं ते माणदेशातल्या आकाराम धनगराच्या दारात. त्याच्या बायकोनं, रंगुबाईनं, माझ्या चाकांवर पाणी ओतलं, बॉनेटला भंडारा लावला आणि म्हणाली, "आता घोड्याचं काम तुजं, बाय."

दिवाळी झाली की ही माणसं मेंढरं चारायला कराड-पाटणाकडं निघतात. मेंढरं चालतात. पण नुकती जन्मलेली कोकरं, भांडीकुंडी, कोंबड्या आणि आकारामची म्हातारी आई अंबूबाई, हा सगळा संसार पूर्वी घोड्याच्या पाठीवर असायचा, तो माझ्या पाठीवर आला. लेंड्यांचा वास माझ्या अंगातून कधी गेला नाही. कुणी धुवायचंही नाही. तरी मी सुखात होते.

मग यंदा दिवाळीच्या तोंडावर आली बिरोबाची जत्रा. ढोलाच्या तालावर गजी नाचायच्या पटांगणावर नदीची वाळू अंथरायचा मान आकारामच्या घराण्याचा. नाचणारे अनवाणी असतात, त्यांच्या पायाला खडे टोचू नयेत म्हणून. त्याच्या बापानं ती बैलगाडीतून आणली होती. या वेळी आकारामनं पुतण्या धनाजीला माझ्याबरोबर धाडलं. देवाचं काम म्हटलं की माणसांना कायदा आठवत नाही. परवाना काढायचं कुणाच्या मनातही आलं नाही.

नदीच्या चढालाच तहसीलच्या वाळूचोरी पकडणाऱ्या पथकानं अडवलं.

"आवं सायेब, देवाची वाळू हाय ही. हिला कसला परवाना?" धनाजी म्हणाला.

"मग देवाला सांग अर्ज करायला."

साहेबांचं तरी काय चुकलं? रात्रंदिवस नदीचं पोट फाडणाऱ्यांवर ते पिसाळले होते. पण सापडलो आम्ही. सुक्याबरोबर ओलंही जळतं.

मी इथं आले आणि मेंढरं माझ्याशिवाय निघाली. खुलासा मागणारी नोटीस आली तेव्हा घराला कुलूप होतं. शिपायानं ती दाराला डकवली आणि तो गेला. दाराच्या आतली माणसं पाटणाच्या रानात. मुदतीत कुणी फिरकलं नाही, म्हणून एकतर्फी हुकूम निघाला. दंड भरा, नाहीतर गाडीचा लिलाव. दंड एवढा की सगळा कळप विकला तरी पुरा पडू नये.

आकारामला कळलं तेव्हा तो धावत आला, सांगलीच्या वकील कीर्तीताईंना घेऊन. दोघं माझ्याच बॉनेटशी उभे राहून बोलले.

"प्रांतांकडं अपील करता येतं, लिलावाला स्थगिती मागता येते," ताई म्हणाल्या. "धनाजीनं न विचारता गाडी नेली, असं लिहून द्या. मालकाला माहीत नव्हतं म्हटलं की आपली बाजू भक्कम."

"मीच धाडलं की त्याला. मान माजा हाय, ताई. बिरोबाचा भंडारा कपाळाला लावून खोटं कसं लिवू?"

मला ओरडावंसं वाटलं, लिही रे बाबा, एकदा लिही! देव समजून घेईल. पण आकाराम कसला ऐकतो.

"मग एवढंच उरलं," ताई हळूच म्हणाल्या. "तुमचं ऐकून न घेता हुकूम काढला, यावरच लढू."

अपील दाखल झालं. सुनावणीच्या दिवशी प्रांतसाहेब बंदोबस्ताला गेलेले. पुढची तारीख पडली ती लिलावाच्या नंतरची. ताई आता वरच्या कोर्टात धावल्यात, पण माझा लिलाव उद्याच आहे.

सकाळी गिऱ्हाईकं येऊन माझ्या टायरांना लाथा मारून गेली. दुपारी आकाराम आणि रंगुबाई आले. त्यांच्या बोलण्यातून कळलं, मी नसल्यानं पाटणाच्या वाटेवर अंबूबाईला लेकीकडं ठेवावं लागलं. झोळीत घालून नेलेली कोकरं थंडीत गारठून मेली. रंगुबाईनं माझ्या रिकाम्या हौद्यात हात फिरवला आणि ती मोठ्यानं रडली.

वाचणाऱ्यांनो, चूक झाली असेल तर शिक्षा द्या. पण आधी आमचं ऐका तरी! घरी नसलेल्या माणसाच्या दाराला कागद चिकटवणं म्हणजे ऐकणं नव्हे.

आपल्याकडं निघताना 'जातो' कुणी म्हणत नाही, 'येतो' म्हणतात. आकारामही इथून निघताना दर वेळी तेच म्हणायचा. आज त्यानं माझ्या काचेला कपाळ टेकलं आणि म्हणाला, "जातो, बाय."