खंडेनवमीचं कुंकू

सौंसरातल्या अर्ध्याअधिक घरांचे नकाशे भाऊरावांच्या हातचे होते. बांधकाम खात्यातून निवृत्त झाले आणि दुसऱ्याच वर्षी उजवा हात थरथरायला लागला. रेघ मारायला जावं तर पेन पट्टी सोडून भलतीकडेच पळायचं. त्यांनी कामं घेणं बंद केलं. त्यांचा बालमित्र कवडू मात्र संत्र्याच्या बागेजवळ घरासाठी विटा रचून अडून बसला होता.

"दुसऱ्याकून काढून घे ना बावा," भाऊराव म्हणायचे.

"तुमीच काढसान. तवरोक मी झोपडीतच बरा हाव."

या हट्टाला काय म्हणावं! भाऊरावांना राग यायचा, आणि कुठेतरी बरंही वाटायचं.

१९८९च्या श्रावणात पांढुर्ण्याच्या सुधाताईंनी टायपिंग क्लासमध्ये कॉम्प्युटर आणला. त्यावर नकाशेही निघतात, हात कसाही हलला तरी रेघ सरळच येते, असं ऐकलं आणि भाऊराव दुसऱ्या दिवशीच्या बसनं तिथं धडकले. सुधाताईंचा भाऊ हेमंत नागपुरात एका कॉलेजच्या कॉम्प्युटर लॅबमध्ये कामाला होता. योगायोगानं तो आलेलाच होता.

"नकाशाचा मोठा प्रोग्राम लई महाग आहे, काकाजी," तो म्हणाला. "चोरून केलेली कॉपी भेटते, पण ते मी आणनार नाही. एक त चोरी, अन् त्यात व्हायरस असला त ताईची मशीन बसून जाईन."

"मलेही नाही पाह्यजे," भाऊराव ताडकन म्हणाले. नोकरीत एका साहेबानं त्यांच्या नकाशावरचं नाव ब्लेडनं खरवडून स्वतःचं घातलं होतं. वीस वर्षं झाली, ते ब्लेड अजून त्यांच्या डोळ्यांसमोर होतं.

पंधरा दिवसांनी हेमंतनं एक फ्लॉपी आणली. कुणा अमेरिकन इंजिनिअरनं नकाशे काढायचा लहानसा प्रोग्राम स्वतः लिहून लोकांसाठी मोकळा सोडला होता. लॅबच्या मशीनवर तपासून, व्हायरस नाही याची खात्री करूनच हेमंतनं तो आणला होता. पडद्यावरचा पहिला मजकूर त्यानं वाचून दाखवला: वापरा, इतरांना कॉपी करून द्या, पैसे नकोत, फक्त माझं नाव काढू नका. खाली त्या माणसाचं नाव आणि पत्ता.

भाऊरावांनी चष्मा काढून पुसला. "एवढंच मांगून राहिला तो?"

त्या दिवसापासून रोज दुपारी, क्लास रिकामा असताना, सुधाताई त्यांना मशीन देत. एका बोटानं, चुकत, खोडत कवडूच्या घराचा नकाशा पुढं सरकू लागला. "फ्लॉपीची एक कॉपी करून ठेवजा," हेमंतनं दोनदा सांगितलं. पण परवानगी असूनही कॉपी म्हणजे चोरीच वाटून भाऊरावांचा हात धजला नाही. नकाशाही त्याच एका फ्लॉपीवर राहिला.

नवरात्रात नकाशा पुरा झाला आणि खंडेनवमी आली. दरवर्षी या दिवशी त्यांच्या पट्टी-कंपासची पूजा व्हायची. यंदा पहिला मान अर्थातच फ्लॉपीचा. देव्हाऱ्यासमोर पाटावर मांडून त्यांनी तिच्यावर पाणी शिंपडलं, हळद वाहिली आणि मधल्या उघड्या फटीत, तिथंच जीव असणार म्हणून, चांगलं बोटभर कुंकू लावलं. नमस्कार केला आणि बस पकडली.

सुधाताईंच्या मशीननं ती फ्लॉपी आत घेतली आणि घरघर करून पडद्यावर नकार दिला.

"काकाजी, हिले कुंकू लावलं तुमी?"

"हत्यार हाये ना माह्यं," भाऊराव पुटपुटले.

सुधाताईंना हसू आलं होतं, पण भाऊरावांचा चेहरा पाहून त्यांनी ते गिळलं. कापसाचा बोळा घेऊन मशीन पुसलं. मशीन वाचलं, फ्लॉपी गेली. त्या परक्या माणसानं न पाहता, न ओळखता दिलेली वस्तू आपण आपल्या हातानं घालवली, या विचारानं भाऊरावांना रात्री जेवण गेलं नाही. सकाळी त्यांनी नकाशाचा लाकडी फळा भिंतीवरून उतरवून ठेवला. आता कवडूला स्पष्ट नाही सांगायचं, असं त्यांनी ठरवलं.

दसऱ्याचं सोनं घेऊन कवडू आला. भाऊराव तोंड उघडणार तोच दारात हेमंत आणि सुधाताई उभे. सुधाताईंनी कालच ट्रंककॉल लावून भावाला सगळं सांगितलं होतं. हेमंतनं आपट्याची पानं हातात दिली, पाया पडला आणि तीन फ्लॉप्या काढल्या.

"एक चालवाची, एक कपाटात ठेवाची. अन् ही तिसरी बिघडलेली, हिची खुशाल पूजा करा."

"पन त्याची वस्तू पुन्हा पुन्हा घ्याची?" भाऊराव म्हणाले.

"त्यानं लिहूनच ठेवलं आहे ना, द्या म्हणून!"

भाऊरावांनी हेमंतचा हात दोन्ही हातांत धरला.

नकाशा पहिल्यापासून काढावा लागला. दिवाळीच्या आत तो छापून, कागद जोडून कवडूच्या हातात पडला. कोपऱ्यात भाऊरावांची वाकडीतिकडी सही होती, आणि तिच्या वरच्या बाजूला छापलेलं एक परकं नाव.

"हा कोन?" कवडूनं विचारलं.

"ह्या रेघा त्याच्या हातच्या हायेत. मी फक्त सांगतलं कुठं माराच्या."

कवडूनं कागद कपाळाला लावला. "मंग त्याले घरभरनीचं बोलावनं धाडा ना."

पत्ता पडद्यावर होताच. सुधाताई टाइप करून देते म्हणाल्या, पण भाऊराव ऐकेनात. चार पाकिटं वाया गेली. पाचव्यावर त्यांनी त्या माणसाचं नाव, थरथरत का होईना, आपल्या हातानं लिहिलं.