पिंतादचा सुकाण्या

कॅरिबियन समुद्रातल्या ग्वादलूप या फ्रेंच बेटावर 'पिंताद' या लढाऊ नौकेचं नाव होतं ते तिच्या चपळाईमुळं. दोन डोलकाठ्या, मोजक्या लहान तोफा, आणि बोटभर वाऱ्यावरही गर्रकन वळणार. तिचं सुकाणू मोंदेझीरच्या हातात असे. तो जन्मानं गुलाम. पण क्रांतीनंतर पॅरिसच्या नव्या सरकारनं गुलामी मोडली तसा तो नागरिक झाला, आरमारात शिरला आणि फ्लोरीनशी लग्न करून बेटावरच्या प्वँतापित्र गावात स्वतःच्या खोपटात राहू लागला.

एका सकाळी वारा पडलेला असताना फ्रान्सशी लढणाऱ्या इंग्रजांच्या होड्यांनी पिंतादला घेरलं. घटकाभरात झेंडा उतरला. तिच्यावरच्या गोऱ्या अधिकाऱ्यांची युद्धकैदी म्हणून अदलाबदल झाली, ते घरी गेले. काळ्या खलाशांना इंग्रजांच्या अँटिग्वा बेटाच्या धक्क्यावर विकायला उभं केलं. मोंदेझीरही उभा होता. तेवढ्यात मॅकगार्टी नावाचा आयरिश तांडेल इंग्रज कप्तानाला म्हणाला, "याला राहू द्या, साहेब. ही पिंताद बया दुसऱ्या कुणाचं ऐकत नाही."

गलबताला नवा रंग लागला, जड तोफा चढल्या, नाव पडलं 'हॅरियट'. मोंदेझीर आपल्याच बेटाच्या होड्यांचा पाठलाग करू लागला. ढगात डोकं खुपसलेला ग्वादलूपचा सूफ्रिएर डोंगर दिसला की तो मान फिरवून शिडं बघत बसायचा.

"काय रे, बायको आठवली वाटतं?" मॅकगार्टी चिडवायचा. "पळ की! पोहत जा!"

"तू शार्कांना सांगून ठेव, मग जातो."

एकदा त्यांनी पकडलेल्या होडीत ओळखीचा म्हातारा कोळी निघाला, झोझीम. मोंदेझीरनं त्याला पाणी दिलं आणि फ्लोरीनची खबर विचारली.

म्हातारा पाणी प्यायचा थांबला. "तुला काहीच कळलं नाही का, पोरा? फ्रान्सहून फौज आली. आपली माणसं लढली, मेली. गुलामी परत आली. फ्लोरीनला जुन्या मालकानं मळ्यावर ओढून नेलं. तू मात्र येऊ नकोस रे बाबा. आहेस तिथंच राहा."

पुढं वर्षभरानं दोन फ्रेंच जहाजांनी हॅरियटला गाठलं. त्यांच्यावर फ्रान्सचा तिरंगी झेंडा होता. या झेंड्यासाठी मोंदेझीरनं गोळ्या खाल्ल्या होत्या. आता त्याच्यापासून पळायला तो सुकाणूवर छाती टेकून रेटत होता. "वळ गं, वळ माझी बाई," तो पुटपुटला. पण जड तोफांनी तिची चपळाई कधीच गेली होती. ती निम्मी वळली आणि फ्रेंच तोफेच्या गोळ्यानं मोठी डोलकाठी मोडून पाण्यात गेली.

गलबताचा ताबा घ्यायला चढलेला फ्रेंच लेफ्टनंट कोवळा होता, नुकताच बेटावर आलेला. त्यानं मोंदेझीरला विचारलं, "तू कुणाचा?"

"मी नागरिक मोंदेझीर. या पिंतादचा सुकाण्या."

"ते दिवस गेले. मालक कोण, ते सांग."

मॅकगार्टी मधे पडला. "तो आमच्या राजाचा खलाशी आहे! युद्धकैदी आहे! माझ्यासारखंच वागवा त्याला!"

"तू गोरा आहेस," लेफ्टनंट शांतपणे म्हणाला.

मॅकगार्टीनं टोपी काढली, आणि मग त्याला बाकीच्या गोऱ्या कैद्यांबरोबर होडीत उतरवलं. मोंदेझीरला ग्वादलूपवरच्या मूल नावाच्या गावाकडं एका साखरेच्या मळ्यावर धाडलं. डागडुजी करून गलबत पुन्हा समुद्रावर गेलं. पुढच्याच वादळात ते खडकांवर फुटल्याचं तिथं कुणीतरी बोललं. मोंदेझीर तेव्हा ऊस तोडत होता. हात थांबला म्हणून मुकादमानं चाबूक वाजवला.

एका रविवारी फ्लोरीन तिच्या मळ्यावरून चालत आली. केस पांढरे झालेले, हात सोललेले. तिनं त्याच्या तोंडावरून हात फिरवला आणि रागानं म्हणाली, "का आलास? मी रोज देवाला सांगत होते, याला इंग्रजांकडंच ठेव म्हणून."

"मी कुठं आलो? आणलं मला."

ती खाली बसली. फडक्यातली कसाव्याच्या कंदाची भाकरी तिनं मोडली आणि मोठा तुकडा त्याच्या हातात दिला. तिला दिवस मावळायच्या आत परत पोचायचं होतं. म्हणून दोघं घाईघाईनं खाऊ लागले.