बरी आहे म्हणावं

मीनल जळत होती, आणि तेही पोरीच्या डॉक्टरवर. कुणाला सांगायची सोयही नव्हती.

पंधरा वर्षांची तनू वर्षभर खोलीचं दार लावून बसायची. मैत्रिणी सुटल्या, शाळा सुटायला आली, जेवण अर्ध्यावर आलं. काय होतंय विचारलं की उत्तर एकच, "नथिंग, मम." मग इंग्लंडमधल्या त्यांच्या रेडिंग गावच्या क्लिनिकमध्ये ही डॉक्टर कस्तुरी भेटली. मूळची साताऱ्याची, आखूड केसांची, मीनलपेक्षा चांगली दहा-बारा वर्षांनी लहान. पहिल्याच भेटीत तिने हसून मीनलला बाहेर बसायला सांगितलं. "थोडा वेळ तनूशी एकटीशी बोलते हं. इकडे तशीच पद्धत आहे."

पद्धत म्हणे! जिने जन्म दिला ती बाहेर, आणि कालची ओळख आत. त्यातून बाहेरच्या खुर्चीत आवाज ऐकू यायचा. शब्द कळायचे नाहीत, पण तनू बोलत होती, सलग, भरभरून, मध्येच मोडक्यातोडक्या मराठीतसुद्धा. घरी आईशी मराठी बोलायचा हिला कंटाळा!

डिप्रेशनच्या गोळ्या सुरू झाल्या तेव्हा कस्तुरीने दोघींना समोर बसवून समजावलं होतं. डोस अगदी लहान ठेवलाय. सुरुवातीला मुलं कधीकधी जास्तच बेचैन होतात, जीव नकोसा करणारे विचार वाढू शकतात, म्हणून दर आठवड्याला भेटायचं. वागणं बदललं तर पुढच्या भेटीपर्यंत थांबायचं नाही, लगेच फोन करायचा. गोळ्या कुलपात ठेवायच्या. मीनलने मान डोलावली. डोक्यात मात्र एकच गोष्ट बसली होती: दर आठवड्याला!

पुढच्या भेटीला जाताना गाडीत तनू आपणहून म्हणाली, "आज मला कस्तुरीला लॉट्स सांगायचंय."

मीनलच्या अंगाचा तिळपापड झाला. "सगळं तिला कशाला सांगायचं? घरातलं घरात ठेवावं, बाळा. विचारलं तर बरी आहे म्हणावं. आपल्याकडे असंच म्हणतात."

आणि म्हणतातच की. मंडळाच्या गणपतीला तनू का दिसली नाही? अभ्यास. पुण्याहून सासूबाईंचा फोन? मजेत आहे हो. मीनल वर्षभर हेच सांगत आली होती आणि तिला ते खोटं वाटतही नव्हतं.

"ओके," तनू म्हणाली आणि खिडकीबाहेर बघत राहिली.

त्या दिवशी दार लवकर उघडलं. मीनलच्या मनात आनंदाच्या उकळ्या फुटल्या. आज नाही बोलली बाईशी!

"तनू म्हणते सगळं छान आहे," कस्तुरी म्हणाली. "झोप छान, नको ते विचार नाहीत. तसं असेल, गोळी सोसली असेल, तर आता डोस थोडा वाढवू या. घरी तुम्हाला काही वेगळं दिसलं?"

"नाही" हा शब्द मीनलच्या तोंडापर्यंत आला होता. तेवढ्यात तिला तनूचा गुडघा दिसला. तो हलायचा थांबतच नव्हता. आठवडाभर असंच चाललं होतं, जिन्यावर खाली-वर, ताट ढकलून देणं, रात्र रात्र जागणं. मीनलने पाहिलं होतं. फोन केला नव्हता, कारण तो कस्तुरीला करायचा होता. आणि वर्षभर आईचं एकही न ऐकलेल्या पोरीने आज नेमकं ऐकलं होतं.

"ती बरी नाहीये," मीनल म्हणाली. "मीच तिला तसं म्हणायला लावलं. ती झोपत नाही, एका जागी बसत नाही."

"मम!"

कस्तुरी रागावली नाही, त्याचाही मीनलला राग आला.

"मग आज डोस वाढवायचा नाही, आणि नीट बोलल्याशिवाय तुम्हाला घरी सोडणार नाही," ती म्हणाली. "तनू, या आठवड्यात मरून जावंसं वाटलं का?"

इतकं सरळ! हाच प्रश्न मीनल वर्षभर गिळत आली होती.

तनूने मान हलवली. हो.

मीनलने तिच्याकडे हात नेला. तनूने खुर्ची मागे सरकवली.

"आई इथे असू दे, की बाहेर?" कस्तुरीने विचारलं.

"बाहेर."

मीनल उठली. ती दारापाशी थांबली.

"मला नाही सांगितलंस तरी चालेल," ती म्हणाली. मुळीच चालणार नव्हतं. तरी ती बाहेर जाऊन बसली.