जमिनीखालची इरा

मित्रांनो, मी एक जुनी, बोगदा खणणारी मशीन आहे. मी संग्रहालयात नाही आणि भंगारातही गेले नाही. तुमची भुयारी रेल्वे जिथे संपते, त्या शेवटच्या भिंतीमागे मला काँक्रीटमध्ये पुरलेले आहे. घाबरू नका, मी कुणाला काही करत नाही. पण माझी गोष्ट हसण्यावारी नेण्यासारखीही नाही.

माझा जन्म मोठ्या कारखान्यात झाला. तिथून मी तुकड्यातुकड्यांनी ट्रेलरवरून आले आणि खोल खड्ड्यात मला जोडले गेले. पुढे दात बसवलेले अवाढव्य गोल तोंड, मागे लांबलचक पोट आणि मध्ये चालकाची केबिन. मला पाहायला येणारा माणूस न सांगता दोन पावले मागे सरायचा. तेव्हा मला त्याचा अभिमान वाटायचा.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. बाईचे नाव ठेवल्याशिवाय बोगद्याची मशीन सुरू करत नाहीत. बिननावाची मशीन माणसे खाते, असे जुने कामगार म्हणतात. साहेब लोक त्यावर हसतात, पण नाव ठेवल्याशिवाय बटणाला हातही लावत नाहीत.

माझ्या मुकादमाला त्याच सुमारास मुलगी झाली होती. तिच्या आत्याने, ती ग्रंथालयात कामाला होती, शब्दकोश धुंडाळून नाव काढले होते, इरा. अर्थ दिले होते पृथ्वी, पाणी आणि वाणी. त्या काळी दोन अक्षरी नावांची लाटच आली होती, आणि गल्लीत हे नाव दुसऱ्या कुणाचे नाही म्हणून आत्या भलतीच खूश होती. आजीला मात्र ते मुळीच पसंत नव्हते. हाक मारायला तोंड उघडावे तोवर नाव संपूनही जाते, हे कसले नाव, असे ती म्हणायची. मुकादमाने तीन अर्थांतला एकच उचलला. जमिनीत उतरणाऱ्या मशीनला जमिनीचेच नाव दिले, तर जमीन तिला सांभाळून घेईल, असा त्याचा साधा हिशेब. त्याने लेकीचे नाव मला देऊन टाकले. वेल्डरने ते केबिनशेजारच्या पोलादी भिंतीवर वेल्डिंगने ठसठशीत उमटवले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

माझ्यासारख्या मशीनचा शेवट पुष्कळदा जमिनीतच होतो, हे मुकादमाला ठाऊक नव्हते असे नाही. पण घरात तान्हे बाळ असताना असले विचार कोण करतो?

मग कामाची वर्षे आली. मी खडक फोडला, चिकणमाती उपसली, वर्तमानपत्रात फोटो आला. रात्री जेवताना मुकादम घरी सांगायचा, आज इराने अख्खा डोंगर खाल्ला. तोंडात घास घेतलेली छोटी इरा खुदकन हसायची. पण दिवस सगळे सारखे नसतात. पुढे तो सांगू लागला, इरा तापलीय, इराच्या पोटात चिखल शिरलाय. त्याची बायको ताट पुढे करता करता थांबायची. "भरल्या घरात असं बोलू नका हो. वास्तू तथास्तु म्हणत असते," असे ती एकदा म्हणालीही. मुकादमाने ते हसून उडवून लावले.

माझे काम संपले, तेव्हा कामगारांच्या घरच्यांना बोगदा दाखवायला बोलावले होते. वर ऑफिसात साहेब नकाशावर वाकले होते. मुकादम समोर उभा होता आणि त्याची मुलगी दारात, आईचे बोट धरून. साहेबांनी मान वर न करताच सांगितले, "इराला बाहेर काढणं आता जमायचं नाही. सोमवारी काँक्रीट ओता. इथंच पुरायचं तिला."

मुलगी रडली नाही. घरी जाताना तिने आईला एवढेच विचारले, "काँक्रीट बाबा ओतणार का?"

त्या दिवसापासून तिने खाणेपिणे टाकले. झोपायची ती बसून, भिंतीला पाठ लावून. नावाने हाक मारली की कपाटामागे जाऊन लपायची. ती मशीनची गोष्ट होती बाळा, असे सगळ्यांनी परोपरीने सांगितले. आजी तर चिडून म्हणाली, मी आधीच सांगत होते, नावातच खोट आहे. मुलगी ऐकून घ्यायची आणि पुन्हा कपाटामागे जायची. बापाच्या मांडीवर तर ती बसेनाच. शेवटी बायको मुकादमाला म्हणाली, ते नाव तिथून कापून आणा आणि तिच्यापुढे ठेवा, त्याशिवाय पोर वाचायची नाही.

रविवारी मुकादम खाली उतरला. माझ्या शेपटाशी, जिथे बोगद्याच्या काँक्रीटच्या भिंतीशी माझे पोलाद जुळते, तिथले पाणी अडवणारे सील झिजून पाणी येत होते, म्हणून आत जायला बंदी होती. विचारले तर नाही म्हणतील, म्हणून त्याने कुणाला विचारलेच नाही. फाटकावरच्या पहारेकऱ्याला तेवढे सांगून तो आला.

मी त्याची वाट पाहत नव्हते, मित्रांनो. तो येऊ नये असेच मला वाटत होते. सीलमागची माती सरकताना मला कळत होती. आधी थेंब होते, मग बारीक धार, आणि मग धारेबरोबर वाळू येऊ लागली. मुकादमाने हातातले कटर सुरू केले आणि त्या कर्कश आवाजात त्याला काही ऐकू येईना. मला हात असते, तर मी त्याला ढकलून बाहेर काढले असते. पहिले अक्षर निम्मे कापून झाले आणि सील फुटले.

चिखल लोंढ्याने आला. मुकादम कसाबसा केबिनमध्ये शिरला; लोंढ्याने दारात त्याचा पाय चिरडला, तरी त्याने दार ओढून घेतले. काचेबाहेर चिखल चढत गेला, दिवा गेला. केबिनमधला फोन मात्र चालू होता, त्यावरून त्याने वर कळवले. पहारेकऱ्याने धावाधाव करून माणसे जमवली, पंप लागले, खणणे सुरू झाले. वरून सारखे बजावत होते, झोपू नका, बोलत राहा. आतली हवा जड होत चालली होती. मुकादम आधी वाक्ये बोलत होता, मग शब्द, मग फोन मांडीवर टाकून गप्प बसला.

त्याची बायको धावत आली आणि तिने फोन हातात घेतला. तेव्हा कडेवरच्या मुलीने तो तिच्या हातातून घेतला.

"बाबा, मी इरा बोलतेय."

मुकादमाची मान हलली. त्याने फोन उचलून विचारले, "कोण?"

"इरा. मी इथं वर आहे. तू ये."

ऑफिसातल्या त्या दिवसानंतर पहिल्यांदाच तिने ते नाव तोंडातून काढले होते. माणसे केबिनच्या दारापर्यंत पोचेतो ती तेच सांगत राहिली, आणि तो तेवढ्यालाच हुंकार देत राहिला. त्याला बाहेर काढले तेव्हा पाय चिरडलेला होता, पण जीव होता.

मला काँक्रीट ओतायचा दिवस लांबला, टळला नाही. साहेब स्वतः मुकादमाला भेटायला दवाखान्यात आले. उरलेले नाव कापून आणू का, असे त्यांनी खाली मान घालून विचारले. मुकादमाने मुलीकडे पाहिले. ती बापाच्या उशाशी बसून खात होती.

मित्रांनो, मोठी माणसे कामाच्या नादात काहीबाही बोलून जातात. ऐकलेले मनात पुरून ठेवू नका, जाऊन विचारा. आणि तुम्ही मोठे झालात, की पोरांसमोर जिभेला जरा आवर घाला. मला आता कुणी पुसणार नाही, तेल घालणार नाही. माझी तक्रारही नाही. काँक्रीट माझ्या पोटातून केबिनपर्यंत चढत आले तेव्हा मला फार भीती वाटली. पण माझ्या भिंतीवर नाव होते. साहेबांना त्या मुलीने सांगितले होते, "राहू दे तिच्याजवळ. तिला तिथं एकटीला राहायचंय."