तुळईवर बसलेली माणसं

हंबीररावांच्या दुमजली घराच्या पायाचा पहिला दगड मी बसवला. राहणार हंबीरराव, पण बांधून पुरं होईस्तोवर त्या घराला दुसऱ्या गवंड्याचा हात लागायचा नाही, ही आमची बापजाद्यांची रीत. हे घर उभं राहिलं की अख्ख्या कोल्हापुरात गवंडी म्हणजे मीरासाब मिस्त्री, असं नाव होणार होतं. आणि ते अडलं कुठं? हमालांच्या ढुंगणाखाली!

माडीसाठी सागवानी तुळया आगगाडीनं आल्या. माझे भाचे गाडी जुंपून स्टेशनवर गेले, तर हमालांची टोळी तुळयांवर येऊन बसली. मारामारी नाही, शिवीगाळ नाही. नुसती चिलीम ओढत बसली. मी तरातरा गेलो. टोळीचा नाईक गुंडू म्हणाला, "मिस्त्री, स्टेशनापास्नं उंबऱ्यापातूर वझं आमच्याच खांद्यावरनं जातंय. आज्ज्याच्या येळची रीत हाय."

"मग उचला की!"

"टोळीत मयत झालंय. सुतक फिटल्याबिगर वझं उचलत न्हाय आमी."

"मग माझी माणसं नेतील."

"ते बी चालत न्हाय."

सुतक फिटलं, तर अमावस्या आली. अमावस्या सरली, तर नाईकाच्या पोरीचं लग्न निघालं. इकडं माझ्या भिंती बोडक्या उभ्या आणि गवंडी पानं खात बसलेले. माझं डोकं फिरलं. सरळ संस्थानच्या कोर्टात दावा ठोकला.

कोर्टात गुंडू एकच पालुपद लावून होता, रीत हाय, रीत हाय. मी छाती काढून बोललो, "साहेब, माल ज्याचा, त्यानं ठरवायचं त्याला हात कुणाचा लागावा. जुनी रीत सांगून मालकाला अडवायचं, हा कुठला न्याय?" शेजारी उभे असलेले हंबीरराव जोरजोरात मान हलवत होते.

मुन्सफांनी जवळजवळ माझ्याच शब्दांत निकाल दिला. टोळी तरीही उठेना, म्हणून मी कोर्टाचा शिपाई घेऊन स्टेशनवर गेलो. त्यानं गुंडूला दंडाला धरून तुळईवरून खेचला. मी पेठेत पेढे वाटले. का वाटू नयेत? जिंकलो होतो!

तुळया चढल्या. पुढच्याच आठवड्यात सकाळी कामावर आलो, तर बांबूंच्या परांचीवर कागलचे गवंडी. माझ्या भिंतीवर थापी मारत होते, तेही ओळंबा न लावता!

"हंबीरराव, हे काय? पहिला दगड माझा हाय."

"दगड तुजा, घर कुणाचं?" हंबीरराव सुपारी कातरत म्हणाले. "ही लोकं झटझट काम करत्यात. आनि रीत कसली सांगतोस मीरासाब? माल ज्याचा, त्यानं ठरवायचं. तूच बोललास की कोर्टात."

मी संतापानं ओरडलो, दगडांची आणि ओंडक्यांची काय बरोबरी? ओझं कुणीही उचलतो, भिंत कुणीही बांधत नाही! पण हे ऐकायला हंबीरराव थांबलेच नव्हते. मी परांची चढलो आणि भिंतीवर बसलो. म्हटलं, बघू कोण पुढचा थर लावतो. हंबीररावांनी शिपायाला बोलावणं धाडलं.

समोर गुंडूची टोळी चुन्याची पोती उतरवत होती. गुंडूनं वर बघितलं. अंग झाडलं, परांची चढून आला आणि मला खेटून बसला. चिलीम पुढं केली.

"तू कशाला आलास? हसायला?"

"न्हाय. बसायला."

मला त्याला सांगायचं होतं, तुमची रीत वेगळी आणि आमची वेगळी. तेवढ्यात खाली वहाणा वाजल्या. शिपाई तोच होता. शिडी करकरायला लागली, तसा गुंडू माझ्या कानाशी आला.

"मिस्त्री, दंड ढिला सोडा. ताठ धरला की लई दिस दुखतोय."