व्हिएन्नाच्या डॉक्टरांचं टेबल

मी एक टेबल बोलतोय. झाग्रेबमधल्या एका कॉफीगृहातलं, खिडकीजवळचं, संगमरवरी. माणसं माझ्यावर कोपरं टेकतात आणि सगळ्या जगाला अक्कल शिकवतात. मी ऐकून घेतो. दगडाला दुसरं काय जमणार!

पहिलं महायुद्ध संपून आणि आमच्यावरचं व्हिएन्नाचं राज्य जाऊन चार-पाच वर्षं झाली होती. रेल्वेतला कारकून लोव्रो स्तिपेतिच रोज माझ्यापाशी बसायचा. एक कॉफी आणि फुकटच्या पाण्याचे सहा पेले, एवढ्यावर संध्याकाळ. गोष्ट लिहायचा शिसपेन्सिलीने, थेट माझ्यावरच. आमच्याकडे सगळेच तसं करत. वेटर मग ओलं फडकं फिरवायचा.

पण लोव्रोचं लिखाण वेटर ब्लाझ पुसेना. "साहेब, त्या पोरीला नदीत ढकलू नका हो," तो गयावया करायचा. "माझी बायको कालपासून विचारतेय, ती वाचते का म्हणून."

"बरं बाबा, वाचवतो," लोव्रो हसायचा.

हुबर नावाच्या गृहस्थाने कॅमेरा आणला होता आणि त्याला चित्रपटासाठी गोष्ट हवी होती. "पडद्यावरच्या पहिल्या पाटीवर तुमचंच नाव!" तो म्हणाला. लोव्रोला तेवढंच हवं होतं. आयुष्यभर दुसऱ्यांचे कपडे धुणाऱ्या आईला ते नाव पडद्यावर दाखवायचं होतं. कशासाठी ते न सांगता त्याने तिच्यासाठी पुढच्या रांगेतली खुर्ची राखून ठेवली.

चित्रपट सुरू झाला आणि पाटी झळकली: 'लेखक: डॉ. ओटो फॉन रायनर, व्हिएन्ना.'

असा कुणी डॉक्टर पृथ्वीतलावर नव्हता.

"अहो, रागावता काय?" दुसऱ्या दिवशी हुबर माझ्यावर बोटं वाजवत म्हणाला. "स्तिपेतिचने लिहिलेलं बघायला स्तिपेतिचचे शेजारीसुद्धा यायचे नाहीत. आपल्या लोकांना व्हिएन्नाचा शिक्का लागतो."

मेला खरंच बोलत होता. त्याच संध्याकाळी लोव्रोच्या कचेरीतले मित्र चित्रपट बघून आले. "याला म्हणतात लिहिणं! नाहीतर तू, लोव्रो, दगडावर रेघोट्या ओढतोस!" लोव्रोने पाणी मागवलं. मला मात्र लाज वाटली.

पुढे ब्लाझने नोकरी सोडली; कॉफीगृहात खरा लेखक ठाऊक असलेला तोच एक होता. चित्रपटाची गोष्ट याच टेबलावर लिहिली गेली, एवढंच कॉफीगृहाच्या मालकाच्या कानावर आलं होतं. त्याने मोठ्या अभिमानाने माझ्या कडेला पितळी पाटी ठोकली: 'येथे डॉ. रायनर लिहीत असत.'

एका रविवारी लोव्रो आईला घेऊन आला आणि सवयीने माझ्यापाशी बसला. म्हातारीने चष्मा लावून पाटी वाचली आणि ती दचकली.

"ऊठ रे बाळा," ती कुजबुजली. "मोठ्या माणसाची जागा दिसते ही. कुणी बोलायच्या आत ऊठ."

लोव्रोने एकदा पाटीकडे, एकदा आईकडे पाहिलं. मग उठला. तिची खुर्ची त्यानेच सरकवली आणि दोघं दाराजवळच्या थंड टेबलाशी जाऊन बसली.

आता लोक मला लांबून बघतात. माझ्याजवळ कुणी बसत नाही. तुम्ही आलात तर एवढं करा: खुशाल बसा, एक कॉफी मागवा, आणि कुणी उठवायला आलं तर सांगा, लोव्रो स्तिपेतिचची वाट बघतोय.