बारा खुर्च्या आणि सहावी खाच

काठी म्हटलं की तुम्हाला म्हातारा आठवतो, नाहीतर म्हैस. मी त्यातली नव्हे. मी मोजकाठी. जादू किती साचली ते मोजणारी, आणि सध्या दोन लोखंडी कड्यांत अडकून कण्हणारी. माझं लाकूड तडकायला लागलंय, तेव्हा पाल्हाळ लावत नाही. पण बारा जणांची लाज काढल्याशिवाय मी काही मोडायची नाही.

आमचं गाव हाल्सवेर्ड. इथं एकाखाली एक अशी तीन जगं आहेत, घराला मजले असावेत तशी. वरच्या जगातली जादू झिरपत मधल्या जगात येते, तिथून वाहत तळच्या जगातल्या विहिरीत साचते आणि हळूहळू जिरते. थोडी असली तर बरी. दिवे लागतात, वारा नसताना पवनचक्क्या फिरतात. जास्त झाली की वस्तू आपलं वजन विसरतात. म्हणून मधल्या जगात जादूनियमन संघ बसवला आणि तळाच्या वाटेवर साखळीनं वर टांगलेलं एक जड दार केलं. साखळी सोडली की दार खाली पडतं आणि वाट बंद होते.

मला घडवलं माखटेल्डनं. विधवा बाई, होड्यांची वल्ही करून पोट भरायची. तिनं माझं लाकूड असं मुरवलं की विहिरीत जेवढी बुडेन तेवढी मी निळी पडते. मग माझ्या अंगावर खाचा पाडून ती मला घेऊन चार महिने तळात जाऊन राहिली. पाचव्या खाचेपर्यंत सगळं ठीक होतं. सहावीला दुधाची भांडी फळीवरून उठली. सातवीला मांजर तरंगलं. तिनं सहाव्या खाचेवर लाल रेघ ओढली आणि संघाला बजावलं, "निळं इथवर आलं की दार पाडायचं. विचार करत बसायचं नाही."

ती भीती तिला उगीच होती. विचार करणारं त्या संघात कुणी नव्हतंच.

संघाचे सभासद बारा. गळ्याशी कोल्ह्याची कातडी, छातीवर साखळ्या, आणि चेहऱ्यावर असा भाव की जगं यांनीच एकावर एक रचली. दर सोमवारी आधी वाटाण्याचं सूप, मग धुरावलेला मासा, मग चीज, मग ढेकर, आणि वेळ उरला तर मी. योस्ट नावाचा वाचनिस, म्हणजे माझ्या खाचा वाचून लिहिणारा कारकून, पांढरे हातमोजे घालून मला विहिरीत बुडवून आणायचा. तेही मखमली गादीवर ठेवून. मोजकाठीला गादी कशाला, तुम्हीच सांगा.

आता आतली गोष्ट. दार उघडं असलं की जादू सभागृहाच्या फरशीखालून वाहते आणि बाराही खुर्च्या ऊबदार राहतात. बाहेर कालवे गोठलेत आणि यांची बुडं शेकतायत. दार पाडलं की खुर्च्या गार. तीन जगांचा कारभार असा बारा बुडांवर चालायचा.

या हिवाळ्यात मी सातवीपर्यंत निळी झाले. त्याच सोमवारी तळातून आलाइड आली. चीज करणारी बाई, खिशांत दगड भरून जिना चढली होती. तळात आता दगडांशिवाय पाय टेकत नव्हते.

"माझी लिसबेट पाच वर्षांची आहे," ती म्हणाली. "तिला टेबलाला बांधून आलेय. काल दोर सुटला तर आढ्याला जाऊन चिकटली. अंगणात असती तर कुठं शोधलं असतं मी? दार पाडा, साहेब."

"पोर खेळकर असेल," संघाचा मुख्य बार्टहोल्ड म्हणाला.

"खेळकर? उलटी लटकून रडत होती."

"हे बघा बाई, संघ काठीचं ऐकतो. बायकांचं ऐकत बसलो तर झालंच."

योस्टनं मला वाचलं. "सातवी."

बार्टहोल्डनं खुर्चीच्या हातावरून प्रेमानं हात फिरवला. मग म्हणाला, "पण सहावी खाच बरोबर जागी आहे कशावरून?"

झालं. एकाला आठवलं की लाकूड आटतं. दुसऱ्याला आठवलं की माखटेल्डचा हात कापायचा. त्यानं तिला जन्मात पाहिलं नव्हतं. बाराही हात वर गेले. योस्टनं माझी लाल रेघ चीजवरच्या मेणानं बुजवली आणि मासा कापायच्या सुरीनं आठवीच्या वर नवी ओढली. मला दुखलं. खरं सांगायला मला जन्माला घातलं आणि या ढेरपोट्यांनी माझ्याच अंगावर खोटं कोरलं.

"आता रेघेच्या बरंच खाली आहे. सगळं नियमात," योस्ट म्हणाला. टाळ्या पडल्या.

आलाइडनं हे सगळं पाहिलं. ती भांडली नाही. नुसतं म्हणाली, "काठी जरा द्याल का? पोरीला दाखवते, म्हणजे घाबरायची नाही."

"द्या, द्या!" बार्टहोल्ड खूश झाला. "लोकांना नियम कळलेच पाहिजेत."

इतका मूर्ख माणूस पदावर असला की कधीकधी बरं असतं. जिन्याच्या खाली तिनं साखळी आकड्यावरून काढली. दार धाडकन पडलं. आणि आतल्या बाजूनं तिनं मला दाराच्या आणि चौकटीच्या कड्यांतून अडसरासारखं आरपार खुपसलं.

वर खुर्च्या गार पडल्या. संघ बसला. दार बंद आहे की उघडं, हे काठी वाचल्याशिवाय ठरवता येईना. म्हणून ठराव झाला की दार उघडंच आहे आणि काठीला सन्मानानं परत आणावं. तळात उतरायची एकाचीही छाती नव्हती, म्हणून चौथ्या दिवशी योस्टला धाडलं. गादी घेऊन.

विहिरीत न बुडताही मला कळत होतं, जादू पाचवीच्या खाली उतरली होती. आलाइड मला पाठ टेकून बसली होती आणि लिसबेट समोर चालत होती. सारखी पडत होती, उठत होती, पुन्हा चालत होती.

"बाई, आज कितवी लिहू?" योस्टनं दाराच्या फटीतून विचारलं.

"पोरगी चालतेय असं लिही."

"तसं लिहायची पद्धत नाही."

"मग जा."

तो गेला. आता वर बाराही जण दार उचलायचं चाक ओढतायत. आयुष्यात पहिल्यांदा काम करतायत, तेही बुडासाठी. प्रत्येक ओढीला माझी चीर बोटभर वाढतेय. आलाइडनं दाराला खांदा लावलाय, पण एका बाईचा खांदा तो किती पुरणार. मी फार तर आणखी दोन ओढी सोसेन. तुमच्यातलं कुणी इकडे येणार असेल तर माझ्या जागी घालायला लोखंडी पहार आणा. पहार नसेल तरी या, आणि आल्या आल्या आधी त्या पोरीचा हात घट्ट धरा.